मेसविज : दिंडोशीच्या दस्तातला वाडा

अडगळीतले इंग्रजी शब्द – भाग १४

आमच्या सोसायटीच्या अभिहस्तांतरणाचा मसुदा घेऊन आम्ही तिघे कमिटीवाले दिंडोशीच्या दिवाणी व सत्र न्यायालयाजवळच्या एका टायपिंगच्या दुकानात बसलो होतो. खजिनदार बँकेतून निवृत्त झालेले, त्यामुळे वाचायची सवय अशी की स्टॅम्पपेपरवरचा अनुक्रमांकसुद्धा सुटत नाही. पेन्सिल फिरवत ते शेवटच्या पानावर आले, मिळकतीचं वर्णन असतं त्या अनुसूचीवर, आणि थबकले. जमिनीचा सर्व्हे नंबर, मौजे दिंडोशी, तालुका बोरिवली, मुंबई उपनगर जिल्हा, सगळं बरोबर. पुढे मात्र इंग्रजीत असं लिहिलं होतं की ही जमीन तिच्यावर उभ्या असलेल्या ‘मेसेज’सह सोसायटीला देण्यात येत आहे.

“मॅडम, जमिनीवर मेसेज कसा उभा राहील?” खजिनदारांनी विचारलं.

वकीलबाई हसल्या. “टायपिंगची चूक आहे, काका. मेसेज नाही, मेसविज.”

“म्हणजे काय?”

“फॉरमॅटमध्येच असतं हो ते. राहू द्या.”

ते राहू द्यायला खजिनदार तयार नव्हते आणि मीही नव्हतो. या आठवड्याचा शब्द असा आयताच हाती आला.

संगणकाला हा शब्द माहीत नसावा. त्याला वाटलं बिचाऱ्याने ‘मेसेज’ लिहिताना चुकून एक ‘यू’ जादा दाबला, म्हणून त्याने तो काढून टाकला. गंमत पुढेच आहे. बहुतेक कोशकारांच्या मते या शब्दात तो ‘यू’ शिरला तोच मुळी एका लेखनिकाच्या चुकीने. मध्ययुगातल्या हस्तलिखितांत एन आणि यू ही अक्षरं जवळजवळ सारखी दिसत. दोन उभे फराटे, वरून जोडले की एन, खालून जोडले की यू, आणि घाईत लिहिणारा नीट कुठेच जोडत नसे. मोडी वाचलेल्यांना हे समजावून सांगायला नको. मूळ जुना फ्रेंच शब्द होता ‘मेस्नाज’, म्हणजे घरसंसार. कुणीतरी त्यातला एन यू असा वाचला, तसाच पुढे उतरवला, आणि इंग्लंडच्या दस्तांत एक नवा शब्द जन्माला आला. एका कारकुनाने घातलेलं अक्षर सहाएकशे वर्षांनी दिंडोशीतल्या संगणकाने काढून टाकलं. शब्दाच्या जन्माची आणि मरणाची जात एकच.

उच्चार ‘मेस्विज’ असा, पहिल्या अक्षरावर जोर देऊन. मूळ लॅटिन धातू ‘मानेरे’, म्हणजे राहणे. मॅन्शन, मॅनर, रिमेन, पर्मनंट ही सगळी त्याचीच पिलावळ. फ्रेंचांचा ‘मेनाज’ त्यातलाच, आणि त्यावरून आलेली ‘मेनाजरी’ म्हणजे आधी घरची गुरंढोरं सांभाळणं आणि मग राजेलोकांचा प्राणिसंग्रह. आपल्याकडे ‘वस्’ या धातूने हेच काम केलं आहे. वस्ती, वास्तू, निवास सगळे एका घरचे. माणूस जिथे राहतो ती जागा, एवढाच विचार दोन्हीकडे आहे.

पण मेसविज म्हणजे नुसतं घर नव्हे, आणि शब्दाची सगळी गंमत इथेच आहे. राहतं घर, त्याला लागून असलेल्या पडव्या-कोठारं, अंगण, परसबाग, आणि घराच्या वापरासाठी राखलेली सभोवतालची जमीन, एवढं सगळं मिळून एक मेसविज. कोकणातल्या माणसाला हे लगेच कळेल. घर, पुढचं खळं, तुळस, मागे न्हाणीची जागा, विहीर, बाजूला गोठा आणि मांगर, चार माड, कुंपणाची गडगी. यातलं कुठलं एक काढून विकता येत नाही. विकलंत तर घर लंगडं होतं. देशावर गावाची जमीन ‘काळी’ आणि ‘पांढरी’ अशी वाटलेली असते. काळीत पिकतं, पांढरीत माणसं राहतात. मेसविज हा पांढरीतला शब्द आहे.

मोठ्या जमीनदारीत मालक स्वतः राहतो त्या मुख्य घराला ‘कॅपिटल मेसविज’ म्हणत. आपला ‘थोरला वाडा’. शेक्सपिअरच्या 1616 च्या मृत्युपत्रात हा शब्द आहे. स्ट्रॅटफर्डचं ‘न्यू प्लेस’ हे राहतं घर त्याने थोरल्या मुलीला, सुझॅनाला दिलं, ते कॅपिटल मेसविज म्हणून. हेन्ली स्ट्रीटवरच्या दोन घरांनाही मेसविजच म्हटलं आहे. याच मृत्युपत्रात बायकोला दोन नंबरचा पलंग ठेवल्याचा उल्लेख आहे आणि जगभरचे अभ्यासक त्या पलंगाभोवतीच घुटमळत बसतात. अंगणाकडे बघायला कुणाला वेळ नाही.

आता हा शब्द एकटा कधीच येत नाही. मेसविज, टेनेमेंट, हेरेडिटामेंट, अपर्टनन्सेस अशी वरात असते. टेनेमेंट म्हणजे मुळात ताब्यात धरलेली कुठलीही स्थावर मिळकत. मुंबईत त्याचा अर्थ आकसत आकसत एका खोलीवर आला, आणि म्हाडाच्या मराठीत तर त्याचा ‘गाळा’ झाला. माणूस राहतो तो निवासी गाळा, दुकान तो अनिवासी गाळा. हेरेडिटामेंट म्हणजे वारशाने जाऊ शकेल असं काहीही. अपर्टनन्सेस म्हणजे मिळकतीला चिकटून येणाऱ्या गोष्टी आणि हक्क, वाट, पाणी, पन्हळीचा उतार.

एकाच गोष्टीला चार शब्द का? एक कारण भाषेचं. 1066 साली नॉर्मन लोकांनी इंग्लंड जिंकलं आणि पुढची काही शतकं कोर्टकचेरीत फ्रेंच-लॅटिन आणि चुलीपाशी इंग्रजी असा कारभार चालला. मग दोन्ही पक्षांना कळावं म्हणून, आणि पुढे नुसत्या सवयीनेही, जोडशब्द पडले. आपल्याला यात नवल वाटायला नको. कागदपत्र, धनदौलत, मानमरातब, बाजारहाट, रीतिरिवाज हे आपण दिवसातून दहादा बोलतो, आणि या प्रत्येकात एक शब्द इथला आणि एक फारसी-अरबीतून आलेला आहे. दरबार बदलला की भाषेत असे जुळे जन्मतात.

दुसरं कारण पोटाचं. इंग्लंडमध्ये दस्त लिहिणाऱ्या सॉलिसिटरला मेहनताना मिळे तो दस्ताच्या लांबीवर. 72 शब्दांचा एक फोलिओ, जितके फोलिओ तितके पैसे. अशा माणसाला ‘घर’ एवढंच लिही म्हणून कोण सांगणार? 1881 साली तिथे कायदा करून ही लांबीवरची मजुरी मोडायला सुरुवात झाली, पण तोवर नमुने छापून जगभर पोचले होते. मुंबईच्या सॉलिसिटरांच्या पेढ्यांनी ते जसेच्या तसे उचलले. मालाड-गोरेगावच्या पट्ट्यातल्या जुन्या दस्तांत ज्यांचं नाव पुन्हा पुन्हा भेटतं ते एफ. ई. दिनशॉ स्वतः पेशाने सॉलिसिटर होते, हा योगायोग मला फार आवडतो.

इंग्रजांना हसण्याआधी आपलं दप्तर उघडावं. पेशवाईतल्या इनामाच्या सनदेत गाव द्यायचं तर नुसतं गाव देत नसत. जल, तरू, तृण, काष्ठ, पाषाण, निधी, निक्षेप यांसह देत. पाणी, झाड, गवत, लाकूड, दगड, आणि जमिनीत कुणी पुरून ठेवलेलं धन सापडलं तर तेही. त्याच्याही आधीच्या ताम्रपटांत हीच यादी निधी-निक्षेपापासून सुरू होते. माझं वैयक्तिक मत विचाराल तर इंग्रजी वरातीपेक्षा आपली यादी कितीतरी सरस आहे. त्यांचे चार शब्द घराभोवतीच गोल गोल फिरतात. आपल्या सात शब्दांत तुम्ही गावातून चालत जाता, विहिरीशी थांबता, झाडाखालून जाता, गवत तुडवता, दगडावर बसता, आणि शेवटी खाली काय पुरलंय याचाही विचार करता.

दोन्हींची आज कायद्याला गरज नाही. आपल्या 1882 च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्याचं आठवं कलम सांगतं की वेगळं काही ठरलेलं नसेल तर मिळकतीबरोबर तिचे सगळे हक्क आपोआप जातात. घर असेल तर त्याची कुलपं, किल्ल्या, अडसर, दारं, खिडक्या हेही जातं. हो, कायद्यात खरोखर कुलपं-किल्ल्या लिहिल्या आहेत. म्हणजे मेसविज लिहिलं नाही म्हणून कुणी किल्ली अडवून ठेवू शकत नाही. तरी वकील लिहितात, कारण आधीच्या दस्तात होतं, आणि आधीच्या वकिलाने लिहिलं, कारण त्याच्या आधीच्या दस्तात होतं.

इथवर आल्यावर मी खजिनदारांना म्हणालो, काढून टाकू हा शब्द. ते म्हणाले, “थांबा. शब्द काढा, पण त्यातलं अंगण कुठे लिहिलंय ते आधी दाखवा.”

आणि ते बरोबर होते.

दिंडोशी म्हणजे आज चित्रनगरीचा रस्ता, बेस्टचं आगार, संतोष नगर, मेट्रो सातचं स्टेशन, आयटी पार्क. मृणाल गोरे आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी कमाल जमीन धारणा कायद्याचा धागा पकडून वर्षानुवर्षं झगडून उभी केलेली नागरी निवाराची वसाहतही इथलीच. हे गाव बृहन्मुंबईत आलं ते 1957 साली. त्याआधी ते साष्टीतलं एक खेडं होतं, डोंगराला टेकलेलं. इथे एकेका इमारतीचा वेगळा प्लॉट असेलच असं नाही. एका मोठ्या भूखंडावर दहा-पंधरा इमारती, मध्ये बाग, एक सामाईक रस्ता, एक पंपरूम असा ‘लेआउट’ असतो. बिल्डरने 1963 च्या मोफा कायद्याप्रमाणे जमीन सोसायटीच्या नावावर करून द्यायची असते. त्याने ती दिली नाही की सोसायटी जिल्हा उपनिबंधकाकडे जाते आणि ‘मानीव अभिहस्तांतरण’ मागते. हा मराठी शब्द मेसविजचा सख्खा भाऊ शोभेल, पण ते असो. तिथे पहिला वाद हाच पडतो की इमारतीबरोबर जमीन किती? भिंतीच्या आतली तेवढीच, की भोवतालची, गाड्या लावायची, मुलं खेळतात ती, टाकीची, फाटकाची?

म्हणजे सहाशे वर्षांपूर्वीचा प्रश्न. घर कुठे संपतं? मेसविज या शब्दाने त्याचं उत्तर दिलं होतं: भिंतीशी नाही, कुंपणाशी. आमच्या मसुद्यात शब्द होता आणि अर्थ नव्हता. चतुःसीमा होत्या, पूर्वेस अमुक, पश्चिमेस तमुक, पण त्या सबंध लेआउटच्या. आमच्या वाट्याचं अंगण कुठेच नव्हतं.

त्या दिवशी घरी जाताना मी मुद्दाम आरेच्या बाजूने गेलो. रस्त्यापासून जरा आत, एका वारली पाड्यावर, कारवीच्या कुडाचं घर, शेणाने सारवलेलं अंगण, मांडवावर चढलेला दोडका, पालथ्या टोपलीखाली कोंबडी आणि पिलं. अंगणाच्या कडेला बसून एक आजी सुपात तांदूळ निवडत होत्या. मला विचारलंत तर कोशातली व्याख्या त्या घराला तंतोतंत लागू पडते, आमच्या सातमजली इमारतीला नाही. अशा घराला दस्त असतो का, असला तर कुणाच्या नावाचा, हा या लेखमालेच्या आवाक्याबाहेरचा विषय आहे. तरी लिहितो, कारण शब्दाचा अर्थ मला कोशात कळला आणि तिथे दिसला.

दुसऱ्या आठवड्यात आम्ही वकीलबाईंकडे पुन्हा गेलो. त्यांनी न कुरकुरता मसुदा बदलला, आणि आम्ही दिलेली यादी अनुसूचीत घातली: इमारत, तिच्याभोवतालची मोकळी जागा चौरस मीटरमध्ये, जमिनीखालची पाण्याची टाकी, पंपरूम, फाटक, फाटकापासून मुख्य रस्त्यापर्यंतची वाट, बागेतला वाटा. सोबत नकाशा, लाल रेघेने वेढलेला. मेसविज गेला. जाताना त्या म्हणाल्या, “पंधरा वर्षं टाइप करतेय, काका. आज अर्थ कळला.”

वाचकांना एक विनंती. तुमच्या घराचा करारनामा कपाटात असेल तर काढा आणि मागची पानं उलटा. सूची क्रमांक दोन नव्हे, मूळ दस्ताची अनुसूची. तिथे मेसविज आहे की मेसेज ते बघा, आणि त्याच्या पुढे-मागे तुमचं अंगण किती चौरस मीटर लिहिलंय तेही बघा. काही मजेदार सापडलं तर कळवा, नावपत्ता झाकून छापू. पुढच्या आठवड्याचा शब्द आहे ‘प्रोथोनोटरी’. या नावाचा अधिकारी मुंबई उच्च न्यायालयात आजही बसतो.