संचालिकेचं वाद्य

जानेवारी 2018 मध्ये तेहरानच्या वहदत सभागृहात नेझहत अमीरी 71 वादकांच्या वाद्यवृंदासमोर उभ्या राहिल्या, तेव्हा त्यांनी पन्नाशी कधीच ओलांडली होती. इराणी संगीताचा एवढा मोठा ताफा एका स्त्रीच्या हाती, म्हणून देशोदेशी दखल घेतली गेली, आणि ती रास्तच होती. तरी त्या संध्याकाळपेक्षा तिच्याआधीचा काळ जास्त बोलका आहे. जवळजवळ चार दशकांच्या कारकिर्दीत जाहीर कार्यक्रमाची परवानगी त्यांना अगदी मोजक्या वेळा मिळाली. 1979 च्या क्रांतीनंतर पुरुष श्रोत्यांसमोर स्त्रीने एकटीने गाण्यावर बंदी आली, त्यामुळे इराणच्या संगीतातली स्त्रियांची कोंडी म्हटली की गायिकाच आठवतात. वादनावर किंवा संचालनावर तशी सरसकट बंदी नव्हती. तरीही सर्वांत मोठं नुकसान संचालिकेचं झालं, असं मला वाटतं.

गायिका दार लावून रियाज करते, घरगुती बैठकीत गाते, शिष्या घडवते. संचालिकेचं वाद्य म्हणजे समोर बसलेली माणसं. ती नसतील तर तिला रियाजच नाही. इराणी संगीतात तर ही अडचण दुप्पट. परंपरा मुळात एकल वादनाची आणि लहान ताफ्याची. मोठा वाद्यवृंद 20 व्या शतकात अलीनकी वझीरी आणि त्यांचे शिष्य रूहोल्ला खालेकी यांच्या पिढ्यांनी रुजवला. संतूरच्या 72 तारांचा नाद एकमेकांत मिसळून घुमत राहतो, 'तार' या वाद्यावरचा स्वर छेडताच विरू लागतो, 'नेय' या बासरीचा स्वर फुंकेगणिक हलतो. शिवाय या संगीतातले पाव स्वर सगळ्यांनी सारखेच लावायचे. कुणाला किती दाबायचं, कुठे थांबायचं, हे स्वरलिपी वाचून कळत नाही. तालमीत कान तयार व्हावा लागतो. आणि तालीम करायची तर पुढे कार्यक्रम हवा, कार्यक्रमाला संस्कृती व इस्लामी मार्गदर्शन मंत्रालयाचा परवाना हवा.

यावर कुणी म्हणेल, पाश्चात्त्य जगात तरी काय वेगळं होतं? व्हिएन्ना फिलहार्मोनिकने स्त्रियांना सदस्यत्व दिलं ते 1997 मध्ये. खरं आहे. पण संचालिका अँटोनिया ब्रिको यांना पुरुषांच्या वाद्यवृंदांनी दूर ठेवलं, तेव्हा 1930 च्या दशकात त्यांनी न्यूयॉर्कमध्ये स्त्रियांचा वाद्यवृंद उभा केला. तेहरानमध्ये ही पळवाटही परवान्यापाशीच अडते. दुसरा आक्षेप अधिक वजनदार: इराणी वाद्यवृंदांत स्त्रिया मोठ्या संख्येने वाजवतात, मग कोंडी कसली? नोव्हेंबर 2015 मध्ये कुस्तीच्या स्पर्धेत राष्ट्रगीत वाजवायला तेहरान सिम्फनी ऑर्केस्ट्रा आला होता. वादकांत स्त्रिया आहेत म्हणून आयत्या वेळी हरकत घेतली गेली. संचालक अली रहबरी यांनी त्यांना वगळून वाजवायला नकार दिला. सगळ्यांसमवेत बसलेल्या वादक स्त्रीची ही गत, तर सगळ्यांच्या पुढे उभी राहणारी स्त्री कुणाच्या भरवशावर असते?

नोव्हेंबर 2025 मध्ये व्हायोलिनवादक पानीझ फर्युसेफी यांनी त्याच वहदत सभागृहात तेहरान सिम्फनीचं संचालन केलं; हा मान मिळालेल्या त्या पहिल्याच स्त्री. दार उघडलं म्हणून आनंद व्हायलाच हवा, मलाही झाला. पण अमीरींच्या 2018 च्या टाळ्यांनाही तेव्हा असंच दार उघडणं म्हटलं गेलं होतं. तेहरान सिम्फनीच्या पुढच्या हंगामांत संचालिकेला किती तालमी मिळतात, त्यावरून मी या घटनेचं मोल ठरवीन.