श्वानाची सोबत आणि बंद दारे

१९२८ सालच्या जून महिन्यात न्यूयॉर्कच्या बंदरात मॉरिस फ्रँक नावाचा वीस वर्षांचा एक अंध तरुण जहाजातून उतरला. त्याच्या डाव्या हातात चामडी हार्नेसची ताठ मूठ होती आणि त्या हार्नेसमध्ये बडी नावाची जर्मन शेफर्ड जातीची कुत्री होती. ही कुत्री खरोखरच वाट दाखवीत असेल, तर समोरचा वेस्ट स्ट्रीट ओलांडून दाखव, असे आव्हान बंदरावर जमलेल्या वार्ताहरांनी त्याला दिले. वेस्ट स्ट्रीट म्हणजे मालमोटारींच्या अव्याहत वर्दळीचा, डोळस माणसालाही धडकी भरविणारा रस्ता. फ्रँकने कुत्रीला पुढे चालण्याची आज्ञा दिली. ती चालली, थबकली, मागे सरली, पुन्हा चालली आणि काही मिनिटांत तो पलीकडच्या पदपथावर सुखरूप उभा राहिला. यानंतर त्याने स्वित्झर्लंडला जी तार केली, तिच्यात एकच शब्द होता : ‘यश’.

हा प्रसंग बहुधा कुत्रीच्या हुशारीची गोष्ट म्हणून सांगितला जातो. त्याचा खरा अर्थ मात्र फ्रँकच्या आधीच्या आयुष्यात शोधला पाहिजे. अमेरिकेतील नॅशव्हिल शहराचा हा रहिवासी. सहाव्या वर्षी त्याचा एक डोळा गेला आणि सोळाव्या वर्षी दुसरा. घराबाहेर पडावयाचे तर पगारी मुलगा सोबतीला घ्यावा लागे. तो मुलगा येईल तेव्हा निघावयाचे आणि तो कंटाळेल तेव्हा परतावयाचे, अशी स्थिती. बडीला आणावयास स्वित्झर्लंडला जातानाही त्याची रवानगी एखाद्या पार्सलासारखी, दुसऱ्यांच्या देखरेखीखाली झाली होती. परतताना तो आपल्या इच्छेने आणि आपल्या पायांनी चालत आला. बडीने त्याला दिले ते हे स्वातंत्र्य.

या कार्याचा उगम पहिल्या महायुद्धात आहे. विषारी वायूने व तोफगोळ्यांनी दृष्टी गमावलेल्या सैनिकांची संख्या जर्मनीत वाढू लागली, तेव्हा डॉ. गेऱ्हार्ड श्टालिंग यांनी १९१६ साली ओल्डेनबुर्ग येथे अंधांसाठी मार्गदर्शक कुत्रे तयार करणारी शाळा काढली. रणांगणावर जखमींचा शोध घेण्यासाठी कुत्र्यांचा उपयोग तत्पूर्वीच होत होता. तेच कसब आता जखमींच्या पुढील आयुष्यासाठी योजले गेले. १९२३ मध्ये पॉट्सडॅम येथे दुसरी मोठी शाळा निघाली. स्वित्झर्लंडमध्ये कुत्र्यांची पैदास व शिक्षण यांचे प्रयोग करणाऱ्या डोरोथी युस्टिस या अमेरिकन बाईंनी ती पाहिली आणि १९२७ च्या नोव्हेंबरात एका अमेरिकन साप्ताहिकात तिच्याविषयी लेख लिहिला. तो लेख फ्रँकला त्याच्या वडिलांनी वाचून दाखविला. त्याने युस्टिसबाईंना पत्र लिहिले आणि त्यातूनच पुढे १९२९ साली अमेरिकेत ‘द सीइंग आय’ ही संस्था उभी राहिली. ब्रिटनमध्ये म्युरिएल क्रुक आणि रोझमंड बॉन्ड या दोन स्त्रियांच्या खटपटीने १९३१ साली पहिले चार मार्गदर्शक कुत्रे तयार झाले.

सीइंग आय संस्थेच्या एका प्रथेचा उल्लेख येथे अवश्य केला पाहिजे. कुत्रा तयार करण्यास हजारो डॉलर खर्च येतो आणि तो देणगीतून भागविला जातो. तरीही कुत्रा फुकट दिला जात नाही. पहिल्या कुत्र्यासाठी दीडशे डॉलर द्यावे लागतात आणि ही रक्कम कित्येक दशके वाढविण्यात आलेली नाही. खर्चाच्या मानाने ही फी नगण्यच आहे. परंतु ती देणारा माणूस भिक्षेकरी राहत नाही, आपल्या साधनाचा धनी होतो. उपकाराच्या ओझ्याखाली अपंगाला वाकविणाऱ्या आपल्या सर्व दानशूरांनी या दीडशे डॉलरांचा विचार करण्याजोगा आहे.

कुत्रा अंध माणसाला ‘नेतो’, ही समजूतही चुकीची आहे. कोठे जावयाचे हे माणूस ठरवितो. वळणे, चौक, दुकाने यांचा नकाशा त्याच्या डोक्यात असतो. रहदारीचा आवाज ऐकून रस्ता केव्हा ओलांडावा याचा निर्णयही तोच करतो, कारण सिग्नलचा अर्थ कुत्र्याला कळत नाही. कुत्र्याचे काम पदपथाची कड येताच थांबण्याचे, खांब, खड्डा, सायकल टाळून नेण्याचे आणि माणसाच्या डोक्याला लागेल अशी खाली आलेली फांदीही हेरण्याचे. स्वतः कुत्रा तिच्याखालून सहज जाऊ शकतो. मागून येणाऱ्या माणसाच्या उंचीचा हिशेब त्याला शिकवावा लागतो. या शिक्षणाचा कळस म्हणजे योग्य वेळी आज्ञा मोडणे. मालकाने ‘पुढे’ म्हटले आणि समोरून मोटार येत असेल, तर कुत्र्याने जागचे हलता कामा नये. प्रशिक्षक याला विवेकी अवज्ञा म्हणतात. आज्ञापालन शिकविणे सोपे. आज्ञा केव्हा पाळू नये हे शिकविणे किती अवघड, हे शिक्षकवर्गाला सांगावयास नको.

यासाठी लागणारा खटाटोपही तसाच मोठा. लॅब्रॅडॉर, गोल्डन रिट्रीव्हर किंवा जर्मन शेफर्ड जातीचे निवडक पिल्लू सुमारे दोन महिन्यांचे झाले, की ते एखाद्या स्वयंसेवक कुटुंबात वाढीला दिले जाते. तेथे ते वर्ष-सव्वा वर्ष राहते. बाजार, बस, जिने, गर्दी यांची सवय त्याला येथे होते. त्यानंतर शाळेत काही महिने शिक्षण, त्यातही अनेकांची गळती आणि अखेर माणूस व कुत्रा यांचे एकत्र काही आठवडे शिक्षण. चालण्याचा वेग, स्वभाव, घरची परिस्थिती पाहून जोडी जुळविली जाते. सात-आठ वर्षे काम केल्यावर कुत्रा निवृत्त होतो.

अंधांपुरतेच हे कार्य आता राहिलेले नाही. बॉनी बर्जिन यांनी १९७५ साली कॅलिफोर्नियात चाकाच्या खुर्चीवरील अपंगांसाठी कुत्रे तयार करणारी संस्था काढली. हे कुत्रे खाली पडलेली वस्तू उचलून देतात, दार ओढतात, दिव्याचे बटण दाबतात. बोटांत बळ नसलेल्या माणसाची किल्ली जमिनीवर पडली, तर कोणी येईपर्यंत त्याला तासन्‌तास वाट पाहावी लागते. ती किल्ली उचलून देणारा कुत्रा त्याला घरात एकटे राहण्याची मुभा देतो. बधिरांसाठीचे कुत्रे दाराची घंटा, गजर किंवा मुलाचे रडणे ऐकून मालकाला स्पर्श करतात व आवाजाच्या दिशेने नेतात. ब्रिटनमध्ये ही योजना १९८२ साली सुरू झाली. अपस्माराचा झटका आल्यावर मदत मागणारे आणि युद्धाच्या आघाताने मन दुखावलेल्या सैनिकाला सावरणारे कुत्रेही आज काम करीत आहेत. मात्र झटका येण्यापूर्वीच तो ओळखण्याच्या शक्तीविषयी शास्त्रज्ञांनी अद्याप निःशंक कौल दिलेला नाही.

कुत्रा असा तयार झाला, तरी एक अडचण उरतेच. वेस्ट स्ट्रीट ओलांडणाऱ्या फ्रँकला पुढे हॉटेलांनी आणि आगगाड्यांनी अडविले. बडीला सामानाच्या डब्यात टाका, असे त्याला सांगण्यात येई. या मज्जावाविरुद्ध तो वर्षानुवर्षे देशभर फिरला. १९९० च्या अमेरिकन कायद्याने तो लढा पुष्कळ पुढे नेला. कुत्र्याचे काम उघड दिसत नसेल, तर दुकानदार वा हॉटेलवाला तेथे आज दोनच प्रश्न विचारू शकतो : अपंगत्वामुळे हा कुत्रा आवश्यक आहे काय, आणि त्याला कोणते काम शिकविले आहे? प्रमाणपत्र मागण्याचा अधिकार त्याला नाही. जपानने २००२ साली अशा कुत्र्यांसाठी स्वतंत्र कायदाच केला. या सवलतीचा गैरफायदाही घेतला गेला. केवळ मनाला आधार म्हणून नाना प्राणी विमानात आणले जाऊ लागले, तेव्हा अमेरिकेच्या वाहतूक खात्याला डिसेंबर २०२० मध्ये नियम करून विमानप्रवासापुरता हा दर्जा प्रशिक्षित कुत्र्यांपुरता मर्यादित करावा लागला. गैरवापर झाला म्हणून मूळ हक्क काढून घेतला गेला नाही, ही गोष्ट ध्यानात घेण्यासारखी आहे.

आता आपल्याकडे पाहू. २०११ च्या जनगणनेनुसार भारतात २ कोटी ६८ लाख अपंग होते. त्यांपैकी ५० लाखांवर दृष्टीचे, ५० लाखांवर श्रवणाचे आणि ५४ लाखांवर हालचालीचे अपंगत्व असलेले. एवढ्या मोठ्या संख्येत मार्गदर्शक कुत्र्यासह चालणारा अंध आपल्या रस्त्यावर जवळजवळ दिसतच नाही. आपल्याला कुत्रे शिकविता येत नाहीत, असे म्हणावे तर १९९३ च्या मुंबईतील बाँबस्फोटांच्या वेळी पोलीस दलातील झंजीर या लॅब्रॅडॉरने तीन हजार किलोंहून अधिक आरडीएक्स हुडकून काढले, हे सर्वश्रुत आहे. तो पुण्याच्या केंद्रात शिकला होता आणि २००० साली वारला तेव्हा त्याला सन्मानाने निरोप देण्यात आला. तेव्हा उणीव कसबाची नाही. अंध माणसाने एकट्याने हिंडावे, ही कल्पनाच आपल्या मनात रुजलेली नाही. त्याचा हात धरावयास कोणीतरी आहेच, असे आपण गृहीत धरतो. हा ‘कोणीतरी’ म्हणजे धाकटा भाऊ, शाळकरी मुलगी किंवा म्हातारी आई. त्यांच्या बुडालेल्या शाळेचा व रोजगाराचा हिशेब कोणी मांडत नाही.

ज्या देशात साध्या गरजा भागत नाहीत तेथे कुत्र्याचे लाड कशाला, असा आक्षेप येईल आणि तो सर्वस्वी झटकून टाकता येणार नाही. प्रगत देशांतही अंधांपैकी फार थोडे लोक कुत्रा बाळगतात. पुष्कळांना पांढरी काठीच सोयीची वाटते आणि ती स्वस्तही असते. आपल्या शहरांत तर पदपथ फेरीवाल्यांनी व वाहनांनी व्यापलेले, गटारांची झाकणे उघडी, उन्हाळ्यात डांबर तापलेले आणि कोपऱ्या-कोपऱ्यावर भटक्या कुत्र्यांच्या टोळ्या. कामावर असलेल्या कुत्र्यावर त्या धावून आल्या तर मालकाचे काय होईल, याची कल्पनाही भयावह आहे. मोकळे पदपथ, काठीचे रीतसर शिक्षण आणि भटक्या कुत्र्यांचा बंदोबस्त ही कामे आधी झाली पाहिजेत. ती झाली तर कुत्रा नसलेल्या अपंगालाही त्यांचा लाभ होईल.

परंतु यांपैकी कशासाठीही न थांबता आजच करता येईल, असे एक काम आहे. ते म्हणजे दार उघडण्याचे. भारताने २००७ साली मान्य केलेल्या संयुक्त राष्ट्रांच्या करारात अपंगांना ‘सजीव साहाय्य’ मिळवून देण्याचे बंधन आहे आणि त्यात मार्गदर्शक कुत्र्यांचाही समावेश होतो. २०१६ च्या दिव्यांग व्यक्ती हक्क अधिनियमाने अपंगत्वाचे प्रकार सातांवरून एकवीस केले, भेदभावाला मनाई केली. पण साहाय्यक कुत्र्यासह कोठे प्रवेश मिळेल, याविषयी त्यात स्पष्ट शब्द नाही. तो शब्द नियमांत यावयास हवा. प्रशिक्षित कुत्र्यासह येणाऱ्या अपंगाला बस, आगगाडी, हॉटेल, शाळा, कचेरी, भाड्याचे घर आणि गृहनिर्माण संस्थेची लिफ्ट नाकारणे हा भेदभाव समजला जाईल, एवढे म्हणण्यास सरकारला तिजोरीतून फारसे काही काढावे लागणार नाही. प्रवेशाची शाश्वती नसेल, तर येथे अशी शाळा काढण्यास तरी कोण धजावेल?

कायद्याखेरीजही एक भाग आहे आणि तो नागरिकांच्या हातचा आहे. हार्नेस घातलेला कुत्रा कामावर असतो. त्याला हाका मारू नयेत, कुरवाळू नये, खाऊ घालू नये. बोलावयाचे ते माणसाशी बोलावे आणि मदत लागेल काय, हे आधी त्यालाच विचारावे. शाळेच्या एका तासात शिकविता येईल, एवढाच हा धडा आहे.

महाभारताच्या अखेरीस युधिष्ठिर स्वर्गाच्या वाटेवर एकटा उरतो, तेव्हा त्याच्यासोबत एक कुत्रा असतो. इंद्र रथ घेऊन येतो, पण कुत्र्याला स्वर्गात जागा नाही असे सांगतो. सोबत्याला टाकून येणार नाही, असे म्हणून युधिष्ठिर रथात चढण्याचे नाकारतो. ही कथा सांगताना आपण नेहमी युधिष्ठिराच्या बाजूने उभे राहतो. अंध माणूस कुत्र्यासह आपल्या संस्थेच्या फाटकाशी येईल, त्या दिवशी मात्र आपली जागा इंद्राची असेल. त्याला काय उत्तर द्यावयाचे, हे आजच ठरविलेले बरे.