हद्दीची तडजोड झाली. शेजाऱ्याने ती पाळली नाही तर?

म्हैसूरमध्ये १९०३ साली नगरसुधार विश्वस्त मंडळ स्थापन झाले आणि तेव्हापासून शहरात आखीव वसाहती उभ्या राहू लागल्या. तीस फूट रुंद आणि चाळीस फूट लांब हा तेथील भूखंडाचा परिचित आकार आहे. अशा भूखंडाच्या लांबीभर शेजाऱ्याची भिंत एक फूट आत आली, तर १२०० पैकी ४० चौरस फूट जागा हातची जाते. दावा वर्षानुवर्षे चालतो आणि अखेर उभय पक्ष न्यायालयात तडजोड करतात. मात्र त्यानंतरही भिंत जागची हलली नाही तर काय करावे, हा प्रश्न अनेकांपुढे उभा राहतो.

अशा वेळी नवा दावा दाखल करण्याची गरज नसते. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २३, नियम ३ नुसार नोंदविलेल्या तडजोडीवर न्यायालय हुकूमनामा देते. १९७६ च्या दुरुस्तीनंतर ही तडजोड लेखी असणे आणि तिच्यावर पक्षकारांच्या सह्या असणे आवश्यक ठरले. तडजोडच बेकायदेशीर असल्याचा आक्षेप घेऊन हुकूमनामा रद्द करण्यासाठी स्वतंत्र दावा लावता येत नाही; त्यासाठी मूळ न्यायालयाकडेच जावे लागते. लोकअदालतीच्या निवाड्यालाही १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याने दिवाणी हुकूमनाम्याचा दर्जा दिला आहे.

अंमलबजावणीसाठी दरखास्त दाखल करावी लागते. जागेचा ताबा द्यावयाचा असल्यास न्यायालय बेलिफामार्फत तो देवविते. बांधकाम काढण्याचा किंवा हरकत न करण्याचा हुकूम मुद्दाम मोडला गेल्यास मालमत्तेची जप्ती किंवा दिवाणी कैद असे उपाय आहेत. शिवाय, काम न करणाऱ्याच्या खर्चाने ते दुसऱ्याकडून करवून घेण्याचा अधिकारही न्यायालयाला आहे.

येथे मुदतीचे भान ठेवणे अत्यंत महत्त्वाचे आहे. १९६३ च्या मुदत कायद्यानुसार ताब्याच्या हुकूमनाम्यासाठी १२ वर्षांची मुदत असते. परंतु भिंत पाडण्यासारखे विशिष्ट कृत्य करण्याच्या आज्ञेसाठी ती केवळ ३ वर्षे आहे. कायमच्या मनाई हुकुमाला मात्र मुदतीचे बंधन नाही. 'बारा वर्षे आहेत' या समजुतीने स्वस्थ बसणाऱ्याचा हक्क त्यामुळे बुडू शकतो.

शेजारी मरण पावल्यास हुकूमनामा संपतो का? कर्नाटकातील एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०१७ साली याचे उत्तर नकारार्थी दिले. मालमत्तेच्या ताब्याविषयीचा कायम मनाई हुकूम मृताच्या कायदेशीर वारसांविरुद्धही अंमलात आणता येतो, असा निर्णय न्यायालयाने दिला.

विलंब हा या मार्गातील मोठा अडसर आहे. दरखास्त सहा महिन्यांत निकाली काढावी आणि मुदत वाढवायची असल्यास कारणे लेखी नोंदवावीत, असा निर्देश सर्वोच्च न्यायालयाने २२ एप्रिल २०२१ रोजी दिला. तो वादही कर्नाटकातूनच आला होता. तरीही २०२५ साली या न्यायालयापुढे आलेल्या आकडेवारीनुसार देशभरात ८ लाख ८२ हजारांहून अधिक दरखास्ती प्रलंबित होत्या.

या विलंबाचे एक मूळ तडजोडपत्राच्या भाषेत असते. अंमलबजावणी करणारे न्यायालय हुकूमनाम्यात नवी अट घालू शकत नाही. 'पक्षकारांनी सामोपचाराने हद्द ठरवावी' एवढेच लिहिले असेल, तर बेलिफाने नेमकी कोणती रेषा धरावी? म्हणूनच सही करण्यापूर्वी मोजणी करून घेणे, मोजमापांसह नकाशा जोडून त्यावर उभय पक्षांच्या सह्या घेणे, भिंत कोणी, कोणाच्या खर्चाने आणि कोणत्या तारखेपर्यंत काढावी हे नमूद करणे हिताचे ठरते. न्यायालयाकडे कमिशनर नेमण्याची मागणीही करता येते. कर्नाटकात सर्वे क्रमांकाच्या जमिनींसाठी भूमापन विभागाकडून 'हद्दुबस्तु' करून घेता येते. महाराष्ट्रातील हद्द कायम मोजणीसारखीच ही सोय आहे.

आणखी एक दक्षता आवश्यक आहे. तडजोडीत दाव्याबाहेरची जमीनही दिली-घेतली जात असेल, तर हुकूमनाम्याला नोंदणीतून मिळणारी सूट त्या जमिनीला लागू होत नाही. अशा वेळी नोंदणी टाळल्यास मिटलेला वाद पुन्हा डोके वर काढू शकतो.