आयर्विन पूल : सांगलीची पाण्याची मोजपट्टी

कृष्णेवरचा हा दगडी कमानींचा पूल संस्थानी सांगलीने बांधला. चिंतामणराव पटवर्धन तेव्हा गादीवर होते. नोव्हेंबर 1929 मध्ये व्हाइसरॉय लॉर्ड आयर्विन यांच्या हस्ते उद्घाटन झाले आणि त्यांचेच नाव पुलाला मिळाले. शहर आणि पलीकडची सांगलीवाडी जोडली गेली. आष्टा, इस्लामपूर, पेठनाक्याकडचा रस्ता बारमाही झाला. हळद, गूळ घेऊन बाजारपेठेत येणाऱ्या शेतकऱ्याला याचे मोल वेगळे सांगायला नको.

पण या पुलाचे खरे महत्त्व पावसाळ्यात कळते. त्याच्या खांबावर फुटांचे आकडे रंगवले आहेत. 40 फूट ही इशारा पातळी, 45 फूट धोका पातळी. कोयना धरणातून विसर्ग वाढला की सारी सांगली एकच प्रश्न विचारते, "आयर्विनला किती?" सूर्यवंशी प्लॉटसारख्या सखल भागात इशारा पातळीच्या आधीच पाणी शिरते, त्यामुळे तिथली बिऱ्हाडे हा आकडा ऐकूनच सामान माळ्यावर चढवतात. 2005 च्या महापुरात पाणी 53 फुटांवर गेले होते. ऑगस्ट 2019 मध्ये त्याने 57 फूट ओलांडले. बाजारपेठ बुडाली, दुकानांतला माल कुजला. 2021 मध्ये पुन्हा 54 फुटांवर.

इतक्या पुरांतून हा पूल उभा राहिला, याचे श्रेय बांधणाऱ्यांना द्यायलाच हवे. आता शेजारी नवा समांतर पूल झाला आहे. जुन्याची डागडुजी मात्र थांबता कामा नये.