दावा मागे घेताना एक ओळ नक्की बघा



गटाच्या बैठकीत बचत आणि हप्त्यांचं बोलणं झालं की कधीकधी पिशवीतून कोर्टाचे कागद निघतात. त्यात एक प्रश्न हमखास असतो. दाव्यात गट नंबर चुकला, तारीख चुकली. आता दावा मागे घेऊन नव्याने घालायचा का? आज त्यावरच बोलू.

चूक झाली म्हणजे दावा मागेच घ्यावा लागतो, असं नाही. दिवाणी कायद्यात दुरुस्ती अर्जाची सोय आहे. नाव, क्षेत्र, तारीख अशा चुका कोर्टाच्या परवानगीने त्याच दाव्यात सुधारता येतात. मात्र उशीर करू नये. पुरावा सुरू झाल्यावर ही चूक आधी का लक्षात आली नाही, याचं पटेल असं कारण द्यावं लागतं.

काही वेळा दाव्याच्या मांडणीतच दोष असतो आणि दावा मागे घेणं बरं ठरतं. पण इथेच जपायचं. दावा मागे घेण्यासाठी कोर्टात जो कागद देतात त्याला पुरसीस म्हणतात. नुसतं 'दावा मागे घेत आहे' एवढंच लिहून सही किंवा अंगठा दिला, तर त्याच कारणासाठी त्याच माणसावर पुन्हा दावा करता येत नाही. म्हणून 'नव्याने दावा दाखल करण्याची मुभा मिळावी' असं कारणासह मागावं लागतं. ती द्यायची की नाही हे कोर्ट ठरवतं. देताना समोरच्याचा खर्च भरायलाही सांगू शकतं.

दुसरी गोष्ट मुदतीची. समजा, एका बहिणीची जमीन फसवून खरेदीखताने लिहून घेतली. ते खरेदीखत रद्द करून मागायला, फसवणूक कळल्यापासून 3 वर्षं मिळतात. अडीच वर्षांनी तिने दावा केला आणि वर्षभराने मुभा घेऊन तो मागे घेतला. नवा दावा करताना मुदत पहिला दावा झालाच नव्हता असं धरून मोजतात. म्हणजे मुभा हातात असूनही मुदत संपलेली! अशा वेळी दुरुस्तीचाच मार्ग आधी बघावा.

तेव्हा सही करण्याआधी वकिलांना तीन प्रश्न विचारा. दुरुस्ती अर्जाने काम भागेल का? कागदात मुभा मागितली आहे का? मुदत किती उरली आहे? कोर्टाचा हुकूम झाला की त्याची नक्कल घ्या आणि मुभेची ओळ कुणाकडून तरी वाचून घ्या.

वकिलांच्या फीची अडचण असेल तर लक्षात ठेवा, 1987 च्या विधी सेवा कायद्याने बाईला मोफत वकील मिळतो. तिचं उत्पन्न किती, हे बघत नाहीत. तालुका विधी सेवा समितीकडे अर्ज करा, नाहीतर 15100 वर फोन लावा.

विचारायला लाजू नका. कोर्टात जाताना गटातली एखादी वाचणारी मैत्रीण सोबत न्या.