पोलिसाची तक्रार ऐकायची कोणी?

पोलीस ठाण्यात आलेल्या नागरिकाची तक्रार नोंदवून घेतली जावी, याविषयी आपल्याकडे पुष्कळ लिहिले-बोलले जाते. परंतु तक्रारदार स्वतःच गणवेशातला असेल आणि तक्रार वरिष्ठांनी जातीवरून दिलेल्या वागणुकीची असेल, तर त्याने कोणाचे दार ठोठवायचे, हा प्रश्न क्वचितच चर्चेला येतो. हरियाणातील अतिरिक्त पोलीस महासंचालक वाय. पूरन कुमार यांनी ७ ऑक्टोबर २०२५ रोजी चंदीगड येथे आपले जीवन संपवले, तेव्हा तो एकाएकी ऐरणीवर आला. भारतीय पोलीस सेवेच्या २००१ च्या तुकडीतील या दलित अधिकाऱ्याच्या आठ पानी टिपणात वरिष्ठांकडून झालेल्या जातीय छळाचे व अवहेलनेचे आरोप होते. अशी गाऱ्हाणी ते काही वर्षे लेखी मांडत आले होते. मृत्यूनंतर मात्र अ‍ॅट्रॉसिटी कायद्याखाली गुन्हा नोंदला गेला, विशेष तपास पथक नेमले गेले आणि राज्याच्या पोलीस महासंचालकांना रजेवर पाठवण्यात आले. वर्षानुवर्षांच्या पत्रव्यवहाराने जे साधले नाही, ते आठवड्याभरात घडले.

पूरन कुमार यांच्यावरही भ्रष्टाचाराचे आरोप झाले, हे नमूद केले पाहिजे. दोन्ही बाजूंच्या आरोपांचा निवाडा यथावकाश होईल. पण तक्रारदार निष्कलंक असेल तरच त्याचे म्हणणे ऐकू, अशी अट कोणत्याही कायद्यात नाही.

'ऐकून घेतले जाण्याचा हक्क' हा नैसर्गिक न्यायाचा पाया मानला जातो. सरकारी नोकरांपुरता तो राज्यघटनेच्या कलम ३११ मध्ये आहे. चौकशी करून, बाजू मांडण्याची वाजवी संधी दिल्याशिवाय कोणालाही बडतर्फ करता येत नाही किंवा खालच्या पदावर आणता येत नाही. चौकशी व्यवहार्य नसल्यास ती वगळण्याची मुभा याच कलमात आहे, ती गोष्ट वेगळी. महाराष्ट्रातील पोलीस शिपायासाठी मुंबई पोलीस (शिक्षा व अपिले) नियम, १९५६ आहेत. मात्र हे सारे संरक्षण आहे ते आरोपीला. तोच शिपाई जेव्हा 'मला जातीमुळे डावलले जाते' असे लिहून देतो, तेव्हा त्याच्या कागदाला केवळ 'अर्ज' म्हणतात. त्यावर किती दिवसांत निर्णय घ्यावा, अर्जदाराला समोर बोलावून ऐकावे की नाही, हे बहुतांशी वरिष्ठांच्या मर्जीवर राहते. शिवाय अर्ज 'योग्य मार्गाने' जावा लागतो, आणि पुष्कळदा ज्यांच्याविरुद्ध गाऱ्हाणे आहे त्यांचेच टेबल त्या मार्गावर आधी लागते.

अन्य खात्यांतील कर्मचाऱ्याच्या पाठीशी निदान संघटना असते. राज्यघटनेच्या कलम ३३ ने दिलेल्या अधिकारातून संसदेने १९६६ मध्ये पोलीस दलांच्या हक्कांवर मर्यादा घालणारा कायदा केला. त्यानुसार परवानगीवाचून संघटना काढण्यास व वृत्तपत्रांकडे जाण्यास प्रतिबंध आहे. उल्लंघनास दोन वर्षांपर्यंत कैद होऊ शकते. सशस्त्र दलात शिस्त हवी हे मान्यच. पण तोंड बंद करताना दुसरीकडे कान उघडा ठेवणे शासनावर बंधनकारक झाले, असे काही घडले नाही. उरतो तो वरिष्ठांचा 'दरबार'. तेथे साऱ्या सहकाऱ्यांदेखत उभे राहून जातीच्या अपमानाविषयी कोण बोलणार?

भेदभाव नेहमी शिवीच्या रूपाने येतो असेही नाही. तो कामाच्या वाटपातून, वारंवारच्या बदलीतून, क्षुल्लक कारणाच्या कसुरी अहवालातून आणि विशेषतः गोपनीय अहवालातून येतो. एकेकाळी केवळ प्रतिकूल शेरेच कर्मचाऱ्याला कळवले जात. देव दत्त खटल्यात २००८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने प्रत्येक शेरा कळवला पाहिजे असा दंडक घातला. त्या प्रकरणी पदोन्नतीला 'अतिशय चांगला' हा निकष होता आणि एका वर्षीच्या 'चांगला' या शेऱ्याने अभियंत्याची संधी गेली होती. दिसायला स्तुती, परिणामाने शिक्षा! शेऱ्यामागे जात होती हे सिद्ध करणे मात्र या निकालानंतरही तितकेच अवघड आहे.

१९८९ चा अ‍ॅट्रॉसिटी कायदा येथे अर्ध्या वाटेपर्यंतच साथ देतो. अपमान लोकांच्या दृष्टीसमोर झालेला असावा, अशी त्यातील संबंधित कलमांची अट आहे. चार भिंतींच्या आत, बाहेरचे कोणी हजर नसताना उच्चारलेले शब्द या कलमात बसत नाहीत, असे सर्वोच्च न्यायालयाने हितेश वर्मा प्रकरणी २०२० मध्ये म्हटले. साहेबांच्या केबिनचे दार बंद असते, हे वेगळे सांगायला नको. गुन्हा नोंदला गेलाच, तर तपास उपअधीक्षक वा त्यावरील दर्जाच्या अधिकाऱ्याने करायचा, म्हणजे पुन्हा त्याच खात्याने. येथे कराडच्या प्रकरणाची आठवण होते. २० मार्च २०१८ च्या ज्या निकालाने देशभर वादळ उठले, तो सुभाष काशिनाथ महाजन खटला मुळात कराडच्या औषधनिर्माणशास्त्र महाविद्यालयातील अनुसूचित जातीच्या एका कर्मचाऱ्याच्या गोपनीय अहवालातील शेऱ्यांवरून उद्भवला होता. अटकेपूर्वी मंजुरी व प्राथमिक चौकशी हव्यात, हे त्यातील निर्देश न्यायालयाने १ ऑक्टोबर २०१९ रोजी मागे घेतले. त्याआधीच, २०१८ मध्ये, संसदेने कलम १८ अ घालून ते निष्प्रभ केले होते. या गदारोळात मूळ शेऱ्याचा प्रश्न कुठल्या कुठे हरवला.

पोलीस दलात शिरण्यासाठीही झगडावे लागले होते. महार समाजाला पोलीस व लष्करात प्रवेश मिळावा, यासाठी शिवराम जानबा कांबळे यांनी १९१० मध्ये ब्रिटिश सरकारकडे अर्ज केला होता. आज आरक्षणाने दार उघडले आहे. आत गेल्यावरच्या वागणुकीचे काय, याचे उत्तर आरक्षणात नाही.

राष्ट्रीय अनुसूचित जाती आयोगाला चौकशीपुरते दिवाणी न्यायालयाचे अधिकार आहेत, परंतु शेवटी हाती येते ती शिफारस. महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे, म्हणजे 'मॅट'कडे, जाण्यापूर्वी खात्यातील उपाय संपवावे लागतात आणि अर्जाला उत्तरच न आल्यास सहा महिने थांबावे लागते. प्रकाश सिंह खटल्यातील २००६ च्या निर्देशांप्रमाणे निघालेली तक्रार प्राधिकरणे मुख्यतः नागरिकांसाठी आहेत. त्याच निर्देशांतील आस्थापना मंडळांकडे गाऱ्हाणी नेण्याची सोय अधीक्षक व त्यावरील अधिकाऱ्यांसाठी सुचवली होती, शिपायासाठी नाही.

तुलनेसाठी २०१३ चा कामाच्या ठिकाणी होणाऱ्या लैंगिक छळासंबंधीचा कायदा पाहावा. त्यात कार्यालयातच समिती, समितीवर बाहेरचा एक सदस्य आणि ९० दिवसांत चौकशी, असे बंधन आहे. पोलीस आयुक्तालयेही त्यातून सुटलेली नाहीत. जातीय छळाच्या तक्रारींसाठी अशी समिती नेमायला नव्या कायद्याची वाट पाहण्याचेही कारण नाही. गृह विभागाच्या एका शासन निर्णयाने ती राज्यात स्थापन होऊ शकते. अर्जदाराला समक्ष ऐकणे, खात्याबाहेरचा सदस्य घेणे आणि अहवालाची प्रत अर्जदाराच्या हाती देणे, एवढे त्यात किमान असावे.