ऑर्वेलच्या कचेरीतली पुणेरी कादंबरीकार

सारोळ्याच्या पुलावरून नीरा ओलांडली की सातारा जिल्हा लागतो. यंदा १ ते ४ जानेवारीला साताऱ्यात ९९वे साहित्य संमेलन भरले, तेव्हा पुण्याकडचे साहित्यप्रेमी याच वाटेने गेले. अध्यक्ष कादंबरीकार विश्वास पाटील, त्यामुळे कादंबरीचा विषय निघणारच होता. त्या निमित्ताने तरी वेणू चितळे हे नाव पुन्हा घेतले जायला हवे. मराठी घरातली, पुण्याच्या हुजूरपागा शाळेत शिकलेली ही कादंबरीकार इंग्रजीत लिहीत होती, म्हणून आपण तिला परके मानावे हे मला मुळीच पटत नाही.

वेणूताईंचा जन्म १९१२चा, कोल्हापूरकडचा. १९३४मध्ये त्या इंग्लंडला गेल्या आणि युद्ध सुरू झाल्यावर बीबीसीच्या भारतासाठीच्या विभागात काम करू लागल्या. १९४१ ते १९४३ या काळात जॉर्ज ऑर्वेल तिथेच होता. त्याची युद्धवार्तापत्रे मराठीतूनही प्रसारित होत. त्या मराठी कामात वेणूताईंचा हात होता. १९४२मधले एक छायाचित्र जगभर छापले जाते. टी. एस. एलियट, मुल्कराज आनंद, ऑर्वेल एकाच टेबलाभोवती जमले आहेत आणि त्यांच्यात आपल्या वेणूताई बसल्या आहेत. एलियट सगळे ओळखतात, वेणूताईंना किती जण?

मांस रेशनवर गेलेल्या त्या दिवसांत त्यांनी ‘किचन फ्रंट’ या कार्यक्रमातून इंग्रज गृहिणींना शाकाहारी स्वयंपाक समजावून सांगितला. पण मला त्याहून मोठी वाटते ती त्यांची दुहेरी निष्ठा. नोकरी ब्रिटिश रेडिओची आणि काम कृष्ण मेनन यांच्या इंडिया लीगचे, म्हणजे भारताच्या स्वातंत्र्याचे. हिटलरशी लढणाऱ्या इंग्लंडची बाजू घ्यायची आणि त्याच इंग्लंडकडे आपल्या देशाचा हक्कही मागायचा, ही ओढाताण त्या काळी लंडनमधल्या कितीतरी भारतीयांच्या वाट्याला आली होती.

१९४७च्या सुमारास त्या मायदेशी परतल्या. १९५०मध्ये मुंबईच्या हिंद किताब्जने त्यांची ‘इन ट्रान्झिट’ प्रसिद्ध केली. प्रस्तावना मुल्कराज आनंदांची. दोन महायुद्धांच्या मधल्या काळातल्या, पुण्यातल्या एका एकत्र ब्राह्मण कुटुंबाच्या तीन पिढ्यांची ही कथा. बाहेर देश बदलतो आहे आणि घरातल्या बायका-पुरुषांनाही त्याबरोबर बदलावे लागते आहे. दुसरी कादंबरी ‘इनकॉग्निटो’ थेट १९९३मध्ये आली. दोन वर्षांनी त्या गेल्या.

इथे असाच विस्मरणात गेलेला लेखक कार्लोस बुलोसान आठवतो. हा फिलिपिनो तरुण १९३०मध्ये सिएटलला उतरला. शेतमजुरांच्या हालअपेष्टा आणि गोऱ्यांकडून वाट्याला आलेला द्वेष त्याने ‘अमेरिका इज इन द हार्ट’मध्ये १९४६ साली मांडला. १९५६मध्ये तो विपन्नावस्थेत वारला. वेणूताईंच्या सुस्थित घराशी त्याच्या दारिद्र्याची तुलना नाही. पण १९७३मध्ये वॉशिंग्टन विद्यापीठाच्या प्रकाशनाने ते पुस्तक पुन्हा छापले, ते अभ्यासक्रमांत गेले आणि अमेरिकेतल्या फिलिपिनो मुलांना आपल्या आजोबांची पिढी त्यात सापडली. एका पुनर्मुद्रणाने एवढे घडले.

शंभरावे संमेलन आता तोंडावर आहे. पुण्यातल्या प्रकाशकांनी तोवर ‘इन ट्रान्झिट’ची नवी आवृत्ती काढावी, सोबत चांगला मराठी अनुवादही द्यावा, आणि त्याच्या प्रती भोर आणि राजगड (पूर्वीचा वेल्हे) तालुक्यांतल्या गावोगावच्या वाचनालयांपर्यंत पोहोचवाव्यात.